सांगोल्याचे गणपतराव देशमुख: विरोधी बाकावरच्या एका कारकिर्दीचा अभ्यास

गणपतराव देशमुख 1962 साली सांगोल्यातून पहिल्यांदा विधानसभेवर गेले तेव्हा मुख्यमंत्री यशवंतराव चव्हाण होते. 2019 साली वयामुळे त्यांनी निवडणूक लढवायची नाही असं ठरवलं तेव्हा मुख्यमंत्री देवेंद्र फडणवीस होते. या दोन टोकांमध्ये ते अकरा वेळा निवडून आले आणि 1972 व 1995 असं दोनदा पडले. मतदारसंघ तोच राहिला, पक्षही तोच. शेतकरी कामगार पक्षाचा (शेकापचा) आमदार म्हणून त्यांनी सभागृहात पन्नास वर्षं काढली, आणि त्यात मंत्रिपदाची वर्षं धरली तरी जेमतेम चार.

त्यांच्या निधनानंतर (30 जुलै 2021, सोलापूर, वय 94) जे लिहिलं गेलं त्यात बहुतेकांनी साधेपणावर भर दिला. एसटीनं मुंबईला जाणारा आमदार, पांढरा सदरा, स्वच्छ हात. यातलं काही खोटं नाही. पण महाराष्ट्रात साधी राहणारी आणि पडलेली माणसं पोत्यानं सापडतील. साधेपणावर एखादी निवडणूक निघते, अकरा निघत नाहीत. विक्रमाचंही तसंच. ‘एकाच मतदारसंघातून सर्वाधिक वेळा, देशात पहिले’ असं अनेकांनी छापलं, ते बरोबर नाही. केरळात पालाचे के. एम. मणी आणि पुथुपल्लीचे ओमन चंडी हे त्यांच्यापेक्षा जास्त वेळा निवडून आले. फरक असा की मणींनी वर्षानुवर्षं अर्थमंत्री म्हणून अर्थसंकल्प मांडले आणि चंडी मुख्यमंत्री झाले. त्यांच्या आघाड्या आलटून पालटून सत्तेत येत. गणपतरावांचा पक्ष असा होता की ज्याचे आमदार शेवटी शेवटी एका जीपमध्ये मावले असते.

म्हणून इथे प्रश्न एवढाच घेतला आहे: ज्या राज्यात आमदाराची किंमत त्यानं मंत्रालयातून काय आणलं यावर ठरते, तिथे कायम बाहेर असलेला माणूस मतदारांना काय देऊन टिकला? आणि जे देऊन तो टिकला, त्याचा त्याच्या पक्षाला काय उपयोग झाला?

तालुका आणि पक्ष

सांगोला हा माणदेशाचा सोलापूरकडचा तुकडा. माण नदी नावाला, वर्षातले बरेच महिने तिच्यात वाळूच. पाऊस वर्षाला पाचशे मिलिमीटरच्या आतबाहेर, तोही बेभरवशाचा. जमीन मुरमाड, माळ मोठे, खिलार जनावरं आणि मेंढरं भरपूर. शेजारी माळशिरस आणि पंढरपूर हे कालव्याचे, उसाचे तालुके. त्यामुळे सांगोल्याच्या माणसाला पाणी म्हणजे काय हे कुणी सांगावं लागत नाही; ते पलीकडच्या शिवारात हिरवं उभं असलेलं दिसतं.

लोकसंख्येत धनगर आणि मराठा हे दोन मोठे समाज. गणपतराव धनगर समाजातले, मूळचे मोहोळ तालुक्यातल्या पेनूरचे, शिक्षणानं वकील. त्यांच्या विजयाचं ‘जातीचं गणित’ हे उत्तर सोपं आहे आणि अर्धवट आहे. धनगरांची संख्या मोठी असलेले मतदारसंघ राज्यात इतरही आहेत. तिथे अशी कारकीर्द झाली नाही. शिवाय त्यांनी स्वतःला समाजाचा नेता म्हणून पुढे केलं नाही. लाल बावट्याखाली ते ‘भाई’ होते, तालुक्यात ‘आबासाहेब’.

पक्षाचा इतिहास थोडक्यात. केशवराव जेधे आणि शंकरराव मोरे यांनी 1947 साली काँग्रेसच्या आतच शेतकरी कामगार संघ काढला, त्याचा पुढे पक्ष झाला. 1950 च्या दाभाडी प्रबंधात पक्षानं मार्क्सवाद-लेनिनवाद स्वीकारला. गंमत म्हणजे तो स्वीकारणारे बरेच जण बहुजन समाजातले बागायतदार-जिरायतदार होते आणि काही वर्षांत त्यातले मोठे मासे काँग्रेसमध्ये परतलेही. जेधेही परतले. संयुक्त महाराष्ट्राच्या लाटेत 1957 साली पक्षाचे 31 आमदार आले. 1962 साली, महाराष्ट्र मिळाल्यावर, लाट ओसरली आणि आकडा 15 वर आला. त्या पंधरांतले एक गणपतराव. म्हणजे त्यांची सुरुवातच पक्षाच्या ओहोटीत झाली, हे लक्षात ठेवलं पाहिजे. लाटेवर आलेला माणूस लाटेबरोबर जातो. हे आले तेव्हा पाणी मागे हटत होतं.

1967 ला ते पुन्हा आले. 1972 ला इंदिरा गांधींच्या लाटेत पडले. पक्षाचे त्या वेळी सात आमदार उरले. आणि मग दुष्काळ पडला.

दुष्काळ, हजेरीपट आणि नमुना चार

या प्रकरणाचा गाभा मला इथे दिसतो, त्यामुळे इथे जरा थांबतो.

1972-73 चा दुष्काळ महाराष्ट्रात अजूनही ‘बहात्तरचा दुष्काळ’ याच नावानं ओळखला जातो. मे 1973 मध्ये राज्यात दुष्काळी कामांवर जवळपास 50 लाख माणसं होती. खडी फोडणं, पाझर तलाव, नालाबांध, रस्ते. कामावर खायला सुकडी मिळायची. सांगोल्यासारख्या तालुक्यात घरटी माणूस कामावर होता. आणि जिथे हजारो माणसं एका ठिकाणी रोज खडी फोडतात, मोजमापावरून आणि पगारावरून भांडतात, तिथे डाव्या पक्षाला नवीन सभासद शोधायला गावोगाव फिरावं लागत नाही. शेकाप, लाल निशाण, समाजवादी, कम्युनिस्ट असे सगळे त्या वर्षांत दुष्काळी कामांच्या आंदोलनात होते. गणपतराव तेव्हा आमदार नव्हते. 1974 च्या पोटनिवडणुकीत सांगोल्यानं त्यांना परत पाठवलं.

रोजगार हमीची कल्पना काँग्रेसच्या वि. स. पागे यांची. तासगाव तालुक्यात तिचा प्रयोग आधी झाला होता. दुष्काळानं ती राज्यभर नेली, 1977 साली कायदा झाला आणि 26 जानेवारी 1979 पासून तो अमलात आला. त्या दिवशी राज्यात शरद पवारांचं पुलोद (पुरोगामी लोकशाही दल) आघाडीचं सरकार होतं आणि गणपतराव त्यात मंत्री होते. पण श्रेय कुणाचं, हा वाद इथे महत्त्वाचा नाही. महत्त्वाचं आहे ते या कायद्याचं यंत्र कसं चालायचं, कारण ते विरोधी आमदाराच्या हातात नेमकं बसणारं यंत्र होतं.

एरवीचं काम कसं होतं? गावाला रस्ता हवा. आमदार मंत्र्याला पत्र देतो. मंत्री आपल्या पक्षाचा असेल तर काम निघतं, नसेल तर फाईल बसते. विरोधी आमदाराच्या गावाला रस्ता दिला तर त्याचा नारळ त्यानंच फोडायचा, मग सत्ताधारी द्यायला उत्सुक का असेल? या व्यवहारात विरोधी आमदार दर वेळी हरतो आणि पाच वर्षांनी लोक त्याला म्हणतात, ‘माणूस चांगला आहे, पण कामं होत नाहीत.’

रोजगार हमीत काम मागणारा मजूर नमुना चारचा अर्ज भरतो. अर्ज पोचल्याची पावती घेतो. ठरलेल्या मुदतीत काम मिळालं नाही तर बेकारभत्ता मागता येतो. पुरेसे मजूर जमले की काम काढावंच लागतं. इथे मंत्र्याची मर्जी कुठेच येत नाही. अर्ज येतो, पावती येते, तहसीलदार येतो. कार्यकर्त्यानं करायचं ते इतकंच: गावात बसून अर्ज भरून घ्यायचे, अंगठे घ्यायचे, सगळे घेऊन कचेरीवर मोर्चा न्यायचा आणि पावत्या हातात पडल्याशिवाय हलायचं नाही. मग काम सुरू झालं की हजेरीपटावर नावं बरोबर चढतात का, मोजमाप कमी धरलं जातं का, पगार थकला का, हे बघायचं. या सगळ्यात रोज कुणाची तरी गरज लागते आणि ती भागवायला सत्ता लागत नाही; कायदा माहीत असलेला, चिवट माणूस लागतो. तो आमदार वकील असेल तर उत्तमच.

सांगोल्यात शेकापची बांधणी या प्रकारच्या कामातून झाली, असं माझं मत आहे. सत्तेत नसतानाही ‘कामं’ होतात, हे मतदाराला दाखवता येणं हा विरोधी राजकारण्याचा जगण्या-मरण्याचा प्रश्न असतो. रोजगार हमीनं गणपतरावांना ते साधन दिलं, आणि महाराष्ट्रात ते इतकी वर्षं, इतक्या नेटानं वापरणारे आमदार मोजकेच.

1990 पासून याच योजनेला फळबाग लागवड जोडली गेली. आता मजूर आपल्याच रानात खड्डे खणून, झाडं लावून मजुरी घेऊ शकत होता. माळरानाच्या तालुक्यासाठी ही उडी मोठी होती. बोर आधी आलं, डाळिंब नंतर पसरलं. डाळिंबाला मुरमाड जमीन चालते, पाणी ठिबकनं मोजून देता येतं, आणि बहार कधी धरायचा, मृग, हस्त की आंबे, हे शेतकरी पाण्याकडे बघून ठरवू शकतो. सांगोला डाळिंबाचा तालुका झाला. इतका, की 28 डिसेंबर 2020 रोजी देशातली शंभरावी किसान रेल्वे सांगोल्याहून बंगालमधल्या शालिमारला निघाली. पुढे तेल्यानं, मर रोगानं आणि खोडकिडीनं बागाच्या बागा गेल्या, तो वेगळा विषय. पण खडी फोडणाऱ्या घरांतली एक पिढी बागाईतदार झाली, हे या तालुक्यात घडलं. डाळिंब गणपतरावांनी आणलं असं म्हणणं शेतकऱ्यांवर अन्याय होईल. पण ज्या योजनेच्या आधारानं ते आलं ती गावागावात पोचवणारी माणसं तिथे तयार होती, आणि ती त्यांनी तयार केली होती.

कारखाना नाही, गिरणी

पश्चिम महाराष्ट्रात आमदारकीचा पाया म्हणजे साखर कारखाना. ऊस नेणार की नाही, तोड कधी देणार, उचल किती देणार, यावर गावची मतं फिरतात. कारखाना काढायला सरकारी भागभांडवल लागतं, थकहमी लागते, म्हणजे पुन्हा मंत्रालय. विरोधकाचा कारखाना निघतो, पण त्याला वळण कधी लावलं जाईल याचा नेम नसतो.

सांगोल्यात ऊसच थोडा. तालुक्यातला सहकारी साखर कारखाना बरीच वर्षं बंद पडून होता. गणपतरावांनी उभी केली ती शेतकरी सहकारी सूतगिरणी. कापूस फारसा न पिकणाऱ्या तालुक्यात सूतगिरणी, हे ऐकायला उलटं वाटतं. पण सोलापूर आणि इचलकरंजी ही मागांची गावं हाकेच्या अंतरावर, आणि गिरणीला रोज लागतात ते हात. ऊस कारखाना शेतकऱ्याला बांधतो, गिरणी घरातल्या पोराला नोकरी देते. महाराष्ट्रातल्या सहकारी सूतगिरण्यांची यादी काढली तर बंद पडलेल्या, विकलेल्या, चौकशीत अडकलेल्या गिरण्यांचीच नावं आधी येतात. सांगोल्याची गिरणी नीट चालणारी म्हणून ओळखली गेली. माझ्या मते त्यांच्या साधेपणाचा खरा राजकीय उपयोग इथे झाला: संस्था खाल्ली नाही म्हणून संस्था टिकली, आणि संस्था टिकली म्हणून सत्तेबाहेरही कार्यकर्त्याला उभं राहायला ओटा मिळाला.

सभागृहात

1977-78 मध्ये काही महिने ते विरोधी पक्षनेते होते. कृष्णराव धुळपांपासून दत्ता पाटलांपर्यंत शेकापनं महाराष्ट्राला अनेक विरोधी पक्षनेते दिले, हे आज सांगितलं तर नव्या वाचकाला खरं वाटत नाही. त्या काळात पक्षाकडे बोलणारी माणसं होती: उद्धवराव पाटील, केशवराव धोंडगे, एन. डी. पाटील, दि. बा. पाटील. धोंडगे सभागृह डोक्यावर घेत. गणपतराव त्या जातीचे नव्हते. त्यांचं बोलणं सपाट, आकड्यांचं, कलमांचं. तारांकित प्रश्न, लक्षवेधी, अर्धा तास चर्चा, कपात सूचना ही आयुधं ज्यांना पाठ होती अशा शेवटच्या काही माणसांत ते होते. छोट्या पक्षाच्या आमदाराला सभागृहात वेळ संख्येवरून मिळतो, म्हणजे मिळतच नाही. तो ज्येष्ठतेवरून आणि तयारीवरून मिळवावा लागतो. शेवटच्या काळात ते उभे राहिले की दोन्ही बाजूंचा गोंगाट कमी होत असे, यात आदर होता. पण थोडं असंही होतं, की त्यांच्या बोलण्यानं आता कुणाचं सरकार पडणार नव्हतं.

दोन मंत्रिपदं आणि एक धडा अलिबागचा

पहिलं मंत्रिपद पुलोदमधलं. 1978 च्या निवडणुकीत शेकापचे 13 आमदार आले होते. जुलै 1978 मध्ये वसंतदादांचं सरकार पाडून पवार मुख्यमंत्री झाले आणि शेकाप सरकारात गेला. फेब्रुवारी 1980 मध्ये इंदिरा गांधींनी ते सरकार बरखास्त केलं.

दुसरं 1999 मधलं. काँग्रेस 75, राष्ट्रवादी 58, बहुमताला जमवाजमव हवी होती, आणि शेकापचे पाच होते. विलासराव देशमुखांच्या लोकशाही आघाडीत गणपतराव कॅबिनेट मंत्री झाले. सांगोल्याला वाटलं, आता पाणी येणार. 2002 साली ते मंत्रिपद गेलं, आणि गेलं कशावरून? रायगड जिल्हा परिषदेत राष्ट्रवादीनं शिवसेनेशी हातमिळवणी करून शेकापला बाहेर ठेवलं म्हणून. पक्षानं चिडून पाठिंबा काढला. विलासरावांचं सरकार जूनमधल्या विश्वासदर्शक ठरावावर कसंबसं तरलं. शेकापचे मंत्री बाहेर पडले.

हा प्रसंग नीट बघायला हवा. सांगोल्याच्या दुष्काळी माणसाचं मंत्रालयातलं दार अलिबागच्या भांडणानं बंद झालं. शेकाप तोवर दोन-तीन तालुक्यांच्या गढ्यांचा संघ झाला होता: रायगड, सांगोला, थोडं कंधार. प्रत्येक गढीचा शत्रू वेगळा. रायगडमध्ये राष्ट्रवादी हा जिवावरचा वैरी. सांगोल्यात पवारांशी संबंध चांगले आणि राष्ट्रवादीच्या स्थानिक गटाची गरज. दोन्ही ठिकाणच्या हिताचा मेळ घालणारी राज्य पातळीवरची पक्षयंत्रणा उरलीच नव्हती. गणपतरावांनी पक्षाचा निर्णय मानला. पक्ष सोडून मंत्रिपद ठेवणारे त्यांच्या आजूबाजूला कमी नव्हते, त्यामुळे हे निष्ठेचं उदाहरण म्हणून सांगितलं जातं, आणि ते आहेच. मला त्यात निष्ठेइतकीच असहायताही दिसते.

पाण्याचा हिशेब

जे त्यांच्या कारकिर्दीचं मुख्य मागणं होतं, त्याचा हिशेब सगळ्यात गुंतागुंतीचा आहे.

1993 पासून आटपाडीला दुष्काळी तेरा तालुक्यांची पाणी परिषद भरू लागली. नागनाथअण्णा नायकवडी, भारत पाटणकर आणि गणपतराव ही तिची मुख्य माणसं. अण्णा वाळव्याचे, म्हणजे कृष्णाकाठच्या बागायती पट्ट्यातले, स्वतः हुतात्मा कारखाना चालवणारे. ते वरच्यांचं पाणी खालच्या दुष्काळी लोकांना द्या म्हणून भांडत होते. मागणी नुसती योजनेची नव्हती. समन्यायी वाटपाची होती: पाणी जमिनीच्या आकारावर नको, कुटुंबावर वाटा. महाराष्ट्राच्या पाण्याच्या राजकारणात इतकं मूलगामी मागणं दुसरं नाही.

1995 साली गणपतराव पडले. काँग्रेसच्या शहाजीबापू पाटलांनी त्यांना 192 मतांनी हरवलं. त्याच निवडणुकीत राज्यात युतीचं सरकार आलं, तेही अपक्षांच्या टेकूवर. आणि पश्चिम महाराष्ट्रातल्या दुष्काळी भागांतल्या अपक्षांनी टेकूच्या बदल्यात काय मागितलं? कृष्णेचं पाणी. 1996 साली महाराष्ट्र कृष्णा खोरे विकास महामंडळ निघालं, कर्जरोखे काढून पैसा उभा राहिला, टेंभू उपसा सिंचन योजनेचं काम सुरू झालं. कृष्णेच्या पाण्याचं राज्याराज्यांत वाटप करणाऱ्या बच्छावत लवादानं दिलेलं पाणी 2000 सालापर्यंत अडवलं नाही तर हातचं जाईल, ही घाईही होती. पण घाई आधीही होती. योजना निघाली ती आमदारांच्या संख्येच्या सौद्यातून.

हे कटू आहे. तीस वर्षं तत्त्वानं विरोधात बसून जी योजना निघाली नाही, ती पहिल्यांदा निवडून आलेल्या, कुणाचेच नसलेल्या लोकांनी एका सौद्यात सुरू करून घेतली, आणि नेमके तेव्हा गणपतराव सभागृहातच नव्हते. पाणी परिषदेनं हवा तयार केली नसती तर अपक्षांना काय मागावं हे सुचलं असतं का, असा उलट प्रश्न विचारता येतो, आणि तो योग्य आहे. तरी हवा एकानं तयार करावी आणि पतंग दुसऱ्यानं उडवावा, हे विरोधी राजकारणात नेहमी होतं.

टेंभू, म्हैसाळ, नीरा उजवा कालवा अशा वेगवेगळ्या वाटांनी सांगोल्याच्या वेगवेगळ्या गावांना पाणी मिळायचं ठरलं. ते प्रत्यक्ष यायला पुढची दोन दशकं गेली, टप्प्याटप्प्यानं, काही गावांना अजून अपुरं. कुटुंबावर पाणी वाटायची मागणी कागदावरच आहे. कारखानदारीला आणि उसाला ती परवडणारी नाही, हे सगळ्यांना माहीत आहे.

मात्र न आलेलं पाणी हाच निवडणुकीतला मुद्दा म्हणून त्यांना पुरत राहिला, असं विरोधक म्हणत. ‘पन्नास वर्षं आमदार, मग पाणी का नाही?’ हा शहाजीबापूंचा सवाल, आणि त्याला सोपं उत्तर नव्हतं. 1999 पासून 2014 पर्यंतच्या चार निवडणुका गणपतरावांनी जिंकल्या. शेवटची शिवसेनेच्या शहाजीबापूंवर सुमारे 25 हजारांच्या फरकानं, मोदी लाटेत, वयाची अठ्ठ्याऐंशी वर्षं पूर्ण झाल्यावर. शेकापचे राज्यात तेव्हा तीन आमदार होते.

वारस

ज्या कारकिर्दीत घराणेशाहीवर बोलायची संधी विरोधकांना मिळाली नव्हती, तिचा शेवट घरातल्या उमेदवारावर झाला. 2019 साली सुरुवातीला घराबाहेरच्या नावाची चर्चा झाली, कार्यकर्त्यांना ती पचली नाही, आणि नातू डॉ. अनिकेत देशमुख उभे राहिले. शहाजीबापू 768 मतांनी जिंकले. त्यानंतर 2022 च्या जूनमध्ये गुवाहाटीहून फोनवर त्यांनी ‘काय झाडी, काय डोंगार’ म्हटलं आणि उरलेल्या महाराष्ट्राला सांगोला पहिल्यांदा ऐकू आला. जवळपास तीस वर्षांच्या पाणी परिषदांनी न मिळालेली प्रसिद्धी एका फोननं मिळाली; असो.

अकरा वेळा जिंकलेल्या माणसाला दुसऱ्या फळीत, आडनावाशिवाय निवडून येईल असा एक माणूस का तयार करता आला नाही? यावर कार्यकर्ते सांगतात ते कारण व्यावहारिक आहे. बाहेरचा कुणीही उभा केला की दुसरे चार नाराज होतात. घरातला उभा केला की कुणीच नाराज होत नाही, कारण स्पर्धाच संपते. हे खरंच आहे. पण हे तेव्हाच खरं ठरतं जेव्हा पक्ष म्हणजे एका माणसाभोवतीची निष्ठा असते आणि निर्णय घेणारी समिती नावापुरती असते. दाभाडी प्रबंधात वर्ग होता, संघटना होती. सांगोल्यात शेवटी आबासाहेब होते.

आणि ज्या गोष्टींनी त्यांना टिकवलं, त्या सगळ्या तालुक्याच्या मापाच्या होत्या. रोजगार हमीचे अर्ज तालुका कचेरीत भरले जातात. गिरणी एका तालुक्याची. ओळखी गावागावातल्या, लग्नामातीच्या. यातली एकही गोष्ट शेजारच्या मंगळवेढ्यात किंवा जतला आपोआप जात नव्हती. तिथे तसाच दुसरा गणपतराव लागला असता, आणि तो घडवायला वेळ, पैसा आणि माणसं पक्षाकडे नव्हती. राज्यभर फिरून पक्ष बांधायचा तर सांगोल्यातली मुळं सैल पडणार, आणि 192 मतांनी पडण्याचा अनुभव गाठीशी होता. त्यांनी मुळं धरली. मला त्यांची ही निवड चूक वाटत नाही. पण 1962 साली पंधरा आमदारांचा असलेला पक्ष 2019 साली एका आमदारावर आला, याचा अर्धा खुलासा या निवडीत आहे. बाकीचा अर्धा काँग्रेसच्या पोटात आणि रायगडच्या भाऊबंदकीत शोधावा लागेल.

2024 साली दुसरे नातू डॉ. बाबासाहेब देशमुख उभे राहिले. महाविकास आघाडीत असूनही शेकापला ही जागा सुटली नाही. ठाकरे गटानं दीपक साळुंखेंना उमेदवारी दिली आणि शेकाप स्वतःच्या बळावर लढला. तिरंगी लढतीत बाबासाहेब सुमारे 25 हजार मतांनी जिंकले, शहाजीबापू दुसरे. महायुतीनं राज्य धुऊन काढलेल्या त्या निवडणुकीत शेकापचा निवडून आलेला हा एकमेव आमदार. आजोबांच्या हाती असलेली साधनं आता तशी राहिलेली नाहीत: रोजगार हमी ऑनलाइन हजेरीत आणि आधार जोडणीत अडकली आहे, डाळिंबाच्या बऱ्याच बागा रोगानं उपटल्या गेल्या आहेत, आणि आमदार निधी कुणाला किती हे पूर्वीपेक्षा उघडपणे बाकावरून ठरतं. एकट्या आमदारानं विरोधात राहून तालुक्यात काम दाखवायचं कसं, हा प्रश्न त्यांच्यापुढे 1962 पेक्षा जास्त अवघड रूपात आहे.